व्हिडिओ गेमच्या जुन्या आवृत्त्यांचे जतन आणि मॉडिंग : एक विवेचन

प्रस्तावना :
संगणकीय आज्ञावलीची नवी आवृत्ती जुनीपेक्षा सरस असते, असा सर्वसाधारण समज आहे. व्हिडिओ गेमच्या क्षेत्रात मात्र नवी आवृत्ती विनामूल्य उपलब्ध असूनही अनेक खेळाडू जुनी आवृत्ती जाणीवपूर्वक जपून ठेवतात. त्यामागील प्रमुख कारण म्हणजे 'मॉडिंग' होय. मूळ खेळात खेळाडूंनी स्वतः केलेल्या बदलास अथवा घातलेल्या भरीस 'मॉड' म्हणतात. नवी पात्रे, नवे प्रदेश, दोषदुरुस्ती असे त्याचे अनेक प्रकार आहेत. हे काम बहुधा हौशी मंडळी विनामोबदला करतात. प्रस्तुत लेखात या जतनामागील कारणांचा विचार केला आहे.

१. तांत्रिक कारण :
बेथेस्डा गेम स्टुडिओजचा 'स्कायरिम' हा खेळ २०११ साली आणि त्याची 'स्पेशल एडिशन' २०१६ साली प्रसिद्ध झाली. या खेळाचे साधे मॉड केवळ माहितीच्या फायलींत भर घालतात. ते सहसा नव्या आवृत्तीतही चालतात. परंतु 'स्कायरिम स्क्रिप्ट एक्स्टेंडर' या साधनावर आधारलेले मॉड खेळाच्या मूळ आज्ञावलीतील विशिष्ट ठिकाणी स्वतःला जोडून घेतात. ही ठिकाणे पत्त्यांच्या रूपाने नोंदलेली असतात.

हे नाते ग्रंथ आणि त्याची सूची यांच्यासारखे आहे. सूचीतील पृष्ठांक एका विशिष्ट आवृत्तीचे असतात. ग्रंथाची जुळणी नव्याने केली, तर मजकुरातील एकही शब्द न बदलता सूची निरुपयोगी ठरते. नोव्हेंबर २०२१ मध्ये नेमके हेच घडले. १.५.९७ नंतरची १.६ ही आवृत्ती नव्या कंपायलरने तयार करण्यात आल्याने आतील पत्ते मोठ्या प्रमाणावर सरकले आणि असे मॉड बंद पडले. जुन्या-नव्या पत्त्यांचा मेळ घालणारी 'ॲड्रेस लायब्ररी' उपलब्ध होती; तरीही दोन आवृत्त्यांमधील अंतर एवढे होते की अनेक मॉड पुन्हा तयार करावे लागले.

२. परस्परावलंबन :
एकेक खेळाडू शेकडो मॉड एकत्र वापरतो व त्यांतील अनेक एकमेकांवर अवलंबून असतात. एखाद्या मॉडच्या कर्त्याने काम थांबविले असेल आणि मूळ संकेत खुला केला नसेल, तर इतरांना तो नव्या आवृत्तीसाठी तयार करता येत नाही. एक दुवा तुटला की संपूर्ण रचना अडते. अशा वेळी १.५.९७ वरच राहणे खेळाडूंना सोयीचे वाटते.

३. आवृत्तीवरील नियंत्रण :
'स्टीम'सारख्या वितरण व्यवस्थेतून खेळ आपोआप अद्ययावत होतो. त्यामुळे विकत घेतलेल्या खेळाची कोणती आवृत्ती वापरावी, याचा निर्णय पुष्कळदा प्रकाशकाकडे जातो. 'फॉलआउट : लंडन' हा स्वयंसेवकांनी अनेक वर्षे खपून रचलेला मॉड २३ एप्रिल २०२४ रोजी प्रसिद्ध व्हावयाचा होता. 'फॉलआउट ४' या मूळ खेळाची नवी आवृत्ती २५ एप्रिलला येणार असल्याचे जाहीर झाल्यामुळे तो लांबणीवर पडला. अखेर २५ जुलैला तो जुन्या आवृत्तीवरच आला आणि स्टीमवरील खेळाडूंना आपला खेळ आधी मागील आवृत्तीवर न्यावा लागला.

याउलट 'माइनक्राफ्ट'च्या जावा आवृत्तीत जुनी आवृत्ती निवडण्याची सोय अधिकृतपणेच दिलेली आहे. त्यामुळे १.७.१० (२०१४) व १.१२.२ (२०१७) या आवृत्त्यांवरील मॉड पुढेही दीर्घकाळ वापरात राहिले.

४. मर्यादा :
जुनी आवृत्ती सर्वथा निर्धोक नसते. डिसेंबर २०२१ मध्ये 'लॉगफोरजे' या घटकातील गंभीर सुरक्षा-दोष उघडकीस आला, तेव्हा माइनक्राफ्टच्या १.७ पासूनच्या आवृत्त्या त्याच्या कक्षेत आल्या. प्रकाशकाने जुन्या आवृत्त्यांसाठीही उपाय दिले. म्हणजेच जुन्या आवृत्तीची सोय ठेवल्यास तिची जबाबदारीही काही अंशी घ्यावी लागते.

निष्कर्ष :
जुन्या आवृत्तीचे जतन हा केवळ स्मरणरंजनाचा भाग नाही. मॉड ही विशिष्ट आवृत्तीवर उभी राहिलेली रचना असते. पाया काढून घेतला की कर्त्याचे श्रम वाया जातात. नवी आवृत्ती देतानाच जुनी अधिकृतपणे उपलब्ध ठेवणे, हा त्यावरील साधा उपाय आहे. अशा खेळांचा अभ्यास वा संग्रह करणाऱ्यांनीही खेळाच्या नावासोबत आवृत्ती-क्रमांक नोंदविणे अगत्याचे ठरते.