मुद्दल राखणारा कायदा

मुद्दलाला हात न लावता व्याजावर संसार चालवावा, हा व्यापारी घराण्यांचा जुना दंडक. स्वीडनमधील एका पत्रकार महिलेने हाच दंडक समुद्राला लावून पाहिला आणि त्या हिशेबातील तूट देशापुढे मांडली. त्या महिला म्हणजे पुढे स्वीडनच्या उपपंतप्रधान झालेल्या इझाबेला लोवीन.

१९६३ साली जन्मलेल्या लोवीन यांचे मूक होत चाललेल्या समुद्राविषयीचे पुस्तक २००७ मध्ये प्रसिद्ध झाले. शास्त्रज्ञांनी सुचविलेल्या मर्यादेपेक्षा अधिक मासेमारीस सरकारे अनुमती देत होती आणि मासेमारी व्यवसायाला करदात्यांच्या पैशातून अनुदानही मिळत होते. म्हणजे मुद्दल संपविण्याचा खर्चही जनतेच्याच माथी होता. पुस्तकाने देशात खळबळ उडाली. लोवीन यांना पत्रकारितेचा मानाचा पुरस्कार लाभला.

लेखणीवर न थांबता २००९ मध्ये त्या ग्रीन पक्षातर्फे युरोपीय संसदेत निवडून गेल्या. २०१३ मध्ये युरोपीय संघाच्या मत्स्यधोरणात जी सुधारणा झाली, तिच्यासाठी त्यांनी मोठे परिश्रम घेतले. जाळ्यात आलेले नकोसे मासे, बहुधा मृतावस्थेत, पुन्हा समुद्रात फेकण्याच्या प्रथेस या सुधारणेने टप्प्याटप्प्याने बंदी घातली. आहाराचा प्रश्न बाजूस ठेवला, तरी ही निष्कारण हिंसा रोखली जाणे कोणाही अहिंसाप्रेमीस महत्त्वाचे वाटेल.

२०१४ मध्ये त्या स्वीडनच्या विकास सहकार्य मंत्री झाल्या, २०१६ मध्ये उपपंतप्रधान. फेब्रुवारी २०१७ मध्ये केवळ महिला सहकाऱ्यांच्या उपस्थितीत हवामान विधेयकावर स्वाक्षरी करतानाचे त्यांचे छायाचित्र जगभर गाजले. १ जानेवारी २०१८ पासून अमलात आलेल्या या कायद्याचे मर्म हिशेबात आहे. २०४५ पर्यंत देशाचे निव्वळ हरितगृह वायू उत्सर्जन शून्यावर आणण्याचे उद्दिष्ट संसदेने ठरविले. सरकार कोणत्याही पक्षाचे असो, दरवर्षी अंदाजपत्रकाबरोबर हवामानाचा ताळेबंद संसदेस सादर करणे त्यास बंधनकारक झाले. एक स्वतंत्र परिषद या कामाची तपासणी करते.

२०१९ ते २०२१ लोवीन पर्यावरण व हवामान मंत्री होत्या. पुढे स्वेच्छेने पायउतार होऊन २०२४ मध्ये त्या पुन्हा युरोपीय संसदेत परतल्या.

सर्वच साधले असे नाही. पूर्व बाल्टिकमधील कॉड माशांची संख्या इतकी घटली, की २०१९ मध्ये त्यांची मासेमारी थांबवावी लागली. संपलेले मुद्दल केवळ कायद्याने परत येत नाही. २०२२ मध्ये सत्तांतर होऊन स्वतंत्र पर्यावरण मंत्रालयही उरले नाही. परंतु वार्षिक ताळेबंदाचे बंधन कायम राहिले.

परिग्रह-परिमाण व्रतात श्रावक आपल्या संचयास स्वतःच मर्यादा घालतो. एका देशाने आपल्या उपभोगाला लेखी मर्यादा घालावी आणि दरवर्षी तिचा हिशेब द्यावा, हे त्या व्रताशी नाते सांगणारे पाऊल आहे. मंत्री बदलतात; वही मात्र उघडीच राहते.