आवाज ओळखीचा, चेहरा नवखा

नट म्हटला म्हणजे तो पडद्यावर दुसराच कोणी तरी होणार, हे ठरलेले. आज राजा, तर उद्या हमाल. पण एक गृहस्थ असे होऊन गेले, की चित्रपटात आले तरी एरवी जे काम करीत तेच करायला आले. १९६५ सालच्या 'तीन देवियाँ' आणि 'भूत बंगला' या दोन्ही चित्रपटांत अमीन सायानी दिसले ते निवेदक म्हणूनच. पुढे 'बॉक्सर' आणि 'कत्ल' यांतही तेच.

'तीन देवियाँ' आम्ही सहकुटुंब पाहिला तो अर्थातच देव आनंदसाठी. पण सायानी बोलू लागताच आमच्या रांगेत कुजबुज सुरू झाली. तेरा वर्षे ज्यांना कानांनी ओळखत होतो ते असे दिसतात तर! आई म्हणाली, "मला वाटलं होतं, चांगले वयस्क असतील." त्यांचे वय तेव्हा अवघे बत्तीस होते.

या ओळखीचे श्रेय, गंमत पाहा, एका मराठी माणसालाही द्यावे लागते. १९५२ साली बाळकृष्ण विश्वनाथ केसकर नभोवाणीमंत्री झाले आणि ऑल इंडिया रेडिओवरून चित्रपटगीते जवळजवळ हद्दपार झाली. शास्त्रीय संगीताचा प्रसार व्हावा ही केसकरांची तळमळ खरी होती. आमचे वडील तर त्यांच्याच पक्षाचे. पण लोकांनी काय केले? रेडिओची सुई फिरवून थेट सिलोन गाठले! त्याच वर्षाच्या डिसेंबरात तिथे 'बिनाका गीतमाला' सुरू झाली. मुंबईत ध्वनिमुद्रण व्हायचे, फिती विमानाने कोलंबोला जायच्या आणि बुधवारी रात्री तोच आवाज लघुलहरींवरून खरखरत आमच्या चाळीत परत यायचा. सरकारने १९५७ साली 'विविध भारती' काढली ती या ओढीपुढे नमूनच, असे माझे मत आहे. वडिलांना ते अखेरपर्यंत पटले नाही.

लेखन, निर्मिती, निवेदन आणि पत्रांची छाननी या सगळ्यासाठी सायानींना आरंभी आठवड्याला पंचवीस रुपये मिळत. जुन्या जाणत्यांनी एवढ्याशा मोबदल्यात ही उस्तवार नको म्हटली, म्हणून ती या तरुणाकडे आली. मग पत्रांचा असा पूर आला, की वर्षभरात आठवड्याला हजारोंच्या हजारो पत्रे येऊ लागली. झुमरी तलैया हे गाव नकाशावर दाखवता येणार नाही अशा माणसांनाही त्याचे नाव पाठ झाले, ते अशाच फर्माइशींच्या पत्रांमुळे.

मला मात्र गाण्यांच्या क्रमवारीपेक्षा त्यांच्या भाषेचे अधिक नवल वाटते. त्यांच्या मातुःश्री कुलसुम सायानी प्रौढ साक्षरतेचे कार्य करीत. गांधीजींच्या प्रेरणेने त्या 'रहबर' नावाचे पाक्षिक चालवीत. सोपी हिंदुस्थानी भाषा, आणि ती नागरी, उर्दू व गुजराती अशा तीन लिप्यांत! त्या पाक्षिकाच्या कामात हातभार लावतच हा मुलगा वाढला. त्याचे रेडिओवरचे शिक्षण थोरले बंधू हमीद सायानी यांच्या हाताखाली झाले आणि सुरुवात तर इंग्रजी कार्यक्रमांपासून. तरीही लोकांशी बोलताना कामी आली ती 'रहबर'चीच भाषा. आमची आई मराठी चौथी शिकलेली. तिचे सारे हिंदी बुधवारच्या रात्रीचे. "बहनो और भाइयो" हे शब्द आले, की ती वडिलांकडे पाहून म्हणे, "ऐकलंत? आधी बहनो!" त्यावर वडील वर्तमानपत्र जरा उंच धरीत. सरताज गीताचा बिगुल वाजला म्हणजे मात्र ते पान हळूच खाली यायचे.

'गीतमाला' १९८९ साली विविध भारतीवर आली आणि १९९४ साली थांबली. २००९ मध्ये सायानींना पद्मश्री मिळाली. २० फेब्रुवारी २०२४ रोजी, वयाच्या एक्याण्णवाव्या वर्षी, ते मुंबईत निवर्तले. त्या संध्याकाळी दूरदर्शनसंचावर त्यांचे छायाचित्र दाखवीत होते. नातीने विचारले, "आजोबा, हे कोण?" मी तिला म्हटले, "थांब, आधी डोळे मीट," आणि जुन्या 'गीतमाले'ची तबकडी शोधायला उठलो.