कोंबडीच्या दाण्यात ओवा

भाईंदर पूर्वेला खारी नावाचे गाव आहे. आता त्याला गाव म्हणायचे ते केवळ जुन्या सवयीने. चहूकडून इमारतींनी वेढा घातला आहे. पण मधल्या आळ्यांत अजून काही बैठी घरे टिकून आहेत आणि एखाद्या अंगणात कोंबडी पिलांना घेऊन फिरताना दिसते. आमच्या इमारतीमागच्या मावशींच्या अंगणात एकदा पाहिले, तर त्या कण्यांत चिमूटभर ओवा चुरडून पिलांपुढे टाकीत होत्या. मी हसलो. त्यांनी वर न पाहताच विचारले, “पोरांना चालतो तो पिलांना नाय चालनार, मास्तर?”

उत्तर सुचले नाही म्हणून मी कॉलेजची वाट धरली. विषय तिथेच मिटला असता. पण गेल्या पावसाळ्यात आईला ताप आला. लघवीच्या तपासणीचा कागद हातात पडला, त्यात औषधांची लांबलचक यादी होती आणि बहुतेक नावांपुढे इंग्रजी ‘आर’ हे अक्षर. डॉक्टरांनी सांगितले, “ही औषधे या जंतूंवर चालणार नाहीत.” सत्तरीतली आई समोर कण्हते आहे आणि यादीत चालणारी औषधे दोनच उरली आहेत, हे पाहिल्यावर पायांखालची जमीन सरकते. त्या दोहोंतल्या एकाने तिला उतार पडला. जंतू असे निर्ढावतात कशाने, असे मी विचारले, तेव्हा डॉक्टर म्हणाले, “आपण गोळ्या वाटेल तशा खातो हे एक. आणि कोंबड्यांना आपण काय खाऊ घालतो, तेही जरा वाचून पाहा.”

आई जन्माची शाकाहारी. तिच्या तापाचा कोंबडीशी संबंध जोडायला माझ्यापाशी पुरावा नाही. पण निर्ढावलेला जंतू शाकाहारी-मांसाहारी पाहत नाही. तो पाण्यातून, मातीतून, माणसांच्या हातांतून फिरतो.

वाचायला बसलो तर हकीगत थेट 1948 सालापर्यंत मागे गेली. अमेरिकेतल्या लेडर्ले कंपनीने त्या वर्षी ऑरिओमायसिन हे औषध जाहीर केले. तिथल्या संशोधनाचे प्रमुख होते आपले आंध्रातले यल्लाप्रगडा सुब्बाराव. त्याच वर्षी ते वारले. त्याच कंपनीतले ज्यूक्स आणि स्टोकस्टॅड हे दोघे पिलांवर जीवनसत्त्वाचे प्रयोग करीत होते. ऑरिओमायसिन काढून घेतल्यावर उरलेला चोथा त्यांनी पिलांना घातला, तर पिले अपेक्षेपेक्षा झपाट्याने वाढली! चोथ्यात राहिलेल्या औषधाच्या अंशाचा तो प्रताप होता. 1950 मध्ये हे प्रसिद्ध झाले आणि जगभर निरोगी कोंबड्यांच्या दाण्यातही औषध पडू लागले. आजार बरा करायचा म्हणून नव्हे, वजन वाढावे म्हणून! थोडथोड्या मात्रेने रोज औषध मिळाले की जंतूंना सराव होतो, ही गोष्ट पुढे कळली. स्वीडनने 1986 मध्ये ही रीत बंद केली, युरोपीय संघाने 1 जानेवारी 2006 पासून. आपल्याकडे कोलिस्टिन हे माणसासाठी अगदी शेवटचा उपाय म्हणून राखून ठेवलेले औषध. ते जनावरांना व कोंबड्यांना देण्यावर 2019 मध्ये बंदी आली.

मग पिलांची पोटे सांभाळायची कशाने? इथे मावशींचा ओवा पुन्हा दारात उभा राहतो.

ओव्याच्या तेलात थायमॉल नावाचे द्रव्य असते. ते थिजून त्याचे खडे होतात. आपण त्यालाच ‘ओव्याचे फूल’ म्हणतो; आमच्या भाषेने एका रसायनाला फूल म्हणावे, याचे मला कौतुक वाटते. ओव्याचे फूल, पुदिन्याचे फूल आणि कापूर एकत्र केले की तिन्ही विरघळून पाणी होते. ती आजीच्या फडताळातली अमृतधारा. पिझ्झ्यावर भुरभुरतात त्या ओरेगानोत थायमॉलचेच भावंड, कार्व्हाक्रॉल, असते. लवंगेत युजेनॉल, दालचिनीत तिचा स्वतःचा तिखट अर्क. ही द्रव्ये जंतूच्या पातळ आवरणात शिरतात आणि त्याला गळती लावतात. शिवाय त्यांनी पाचकरस अधिक सुटतात, असेही पुष्कळ प्रयोगांत दिसले आहे.

मात्रा अगदी थोडी: टनभर दाण्याला साधारण शंभर-दोनशे ग्रॅम. जास्त झाले तर पिले दाण्याला तोंड लावीत नाहीत. त्यात तेल उडून जाणारे. दाण्याच्या गोळ्या करताना वाफ लागली की निम्मे काम तिथेच आटोपते. उरले ते पिलाच्या आतड्याच्या पहिल्याच टप्प्यात शोषले जाते, जंतू मात्र पुढे दडलेले. म्हणून तेलाच्या थेंबांवर चरबीचे कवच चढवतात. मावशींच्या चिमटीला एवढा खटाटोप लागत नाही, हे खरे. पण त्यांची पिले आठ, शेडमध्ये हजारो.

माझ्या एका विद्यार्थ्याच्या वडिलांची पालघरकडे शेड आहे. पिले, दाणा, औषध सारे कंपनीचे. जागा आणि राबणे यांचे, मोबदला किलोमागे. पाच-सहा आठवड्यांत पिलू दोन किलोंच्या घरात जाते. मी मोठ्या उत्साहाने ओव्याचे पुराण लावले. त्यांनी ते ऐकून घेतले आणि मला शेडमध्ये नेऊन खालचे तूस मुठीत दाबायला सांगितले. मूठ उघडल्यावर ते सुटे झाले. “हे ओलं राहिलं ना सर,” ते म्हणाले, “तर तुमचं तेल घाला नाही तर अत्तर घाला, मर लागायची ती लागणारच.”

प्रयोगांचे कागदही हेच सांगतात. कुठे तेलाने वजन वाढते, कुठे काडीचा फरक पडत नाही. स्वच्छ, कोरड्या जागेत वाढवलेल्या पिलांत तर फरक शोधावाच लागतो. म्हणजे औषधाने इतकी वर्षे काय झाकले असेल, तर ती गर्दी आणि घाण. ती झाकण्याची ताकद ओव्यात नाही. मला तर हाच त्याचा गुण वाटतो. पण किलोमागे मोबदला घेणाऱ्याला तो गुण परवडेल का, हे मी मराठीचा मास्तर कुठल्या तोंडाने सांगणार?

परवा रविवारी कोंबडीच्या दुकानात रांगेत उभा होतो. माझा नंबर आल्यावर विचारले, “यांना खायला काय घालतात?” दुकानदाराने माझ्याकडे पाहिले, मागच्या माणसाकडे पाहिले आणि म्हणाला, “साहेब, किती देऊ?”

अर्धा किलो घेतली. घरी आलो तर आईने आवारातूनच मावशींना हाक मारून ओवा मागितला होता. पोट फुगल्यासारखे वाटत होते म्हणे.