जास्वंदीवरचा पांढरा कापूस

जास्वंदीच्या शेंड्यांवर पांढरा कापूस दिसला, की बहुतेकजण बुरशी समजून बुरशीनाशक मारतात. कळ्या गळतच राहतात, गणपतीला वाहायला फूल मिळत नाही. कारण ती बुरशी नव्हेच. तो पिठ्या ढेकूण, म्हणजे मिलीबग, झाडाचा रस शोषणारा कीटक. अंगावर मेणाचा थर असल्याने त्याच्यावर पाणी ठरत नाही.

मंडळी, आधी कुंडीतल्या मुंग्यांचा बंदोबस्त करा. पिठ्याच्या अंगातून पाझरणाऱ्या गोड, चिकट रसासाठी त्या त्याची राखण करतात. गवळ्याने गाई पाळाव्यात तसाच प्रकार! आखडलेले शेंडे छाटून पिशवीत बांधून टाका, कंपोस्टमध्ये नकोत. मग झाड पाण्याच्या जोरदार धारेने धुवा आणि संध्याकाळी साबणाचे सौम्य पाणी पानांच्या खालूनही फवारा. अंड्यांतून नवी पिल्ले निघतात, म्हणून आठवड्याने पुन्हा.

एक मात्र पाहा. क्रिप्टोलिमस नावाचा भुंगेरा १८९८ मध्ये ऑस्ट्रेलियातून भारतात आणला गेला. तो पिठ्या खाऊन जगतो, पण त्याची अळी दिसते थेट पिठ्यासारखीच, पांढऱ्या मेणाच्या झालरीची. पिठ्यापेक्षा मोठी आणि चटचट चालणारी अळी दिसली, तर तिला चिरडू नका. त्या फांदीवर फवारणीही नको.