बिडाची झाकणे आणि गंज

पावसाळ्यापूर्वी गटारांची साफसफाई सुरू झाली की कामगारांना पहिली झुंज द्यावी लागते ती झाकणाशी. गंजाचे आकारमान मूळ लोखंडाच्या कितीतरी पट असल्याने झाकण व चौकट यांमधील फट तो भरून टाकतो आणि झाकण जागीच रुतून बसते. मग पहार व घण यांचा वापर होतो. बीड ठिसूळ असते. त्यास तडा जातो आणि तडा गेलेले तेच झाकण पुन्हा रहदारीखाली बसविले जाते. गंज हा केवळ दिसण्याचा प्रश्न नव्हे, तो असा.

बीड म्हणजे ओतीव लोखंड. त्यात साधारणतः 2 ते 4 टक्के कार्बन असतो व करड्या बिडात तो मुख्यत्वे ग्रॅफाइटच्या पापुद्र्यांच्या रूपात आढळतो. ओलाव्याच्या थरात लोखंड इलेक्ट्रॉन गमावते, ऑक्सिजन व पाणी ते स्वीकारतात आणि अखेरीस जलयुक्त फेरिक ऑक्साइड, म्हणजेच गंज तयार होतो. क्षारांमुळे ओलाव्याची विद्युतवाहकता वाढते. म्हणून मुंबई, चेन्नई, विशाखापट्टणम यांसारख्या किनारी शहरांत ही क्रिया वेगाने होते.

याहून फसवा प्रकार म्हणजे लोखंड झिजून ग्रॅफाइटचा सांगाडा तेवढा मागे उरणे. वस्तूचा आकार जसाच्या तसा दिसतो, परंतु सुरीने खरवडताच पृष्ठभाग मऊ लागतो. अशा झाकणावर रंग देणे व्यर्थ. ते बदलणेच इष्ट. झाकणाची खालची बाजूही अवश्य तपासावी. सांडपाण्यातून निघणाऱ्या हायड्रोजन सल्फाइडचे जिवाणूंमुळे सल्फ्युरिक आम्लात रूपांतर होते व ते तेथे गुपचूप काम करीत राहते.

वरवरचा गंज तारेच्या ब्रशने किंवा वाळूच्या झोताने काढता येतो. उरलेल्या गंजावर फॉस्फोरिक आम्लयुक्त द्रावण लावल्यास लोह फॉस्फेटचा थर तयार होतो. दिल्लीच्या लोहस्तंभाच्या टिकाऊपणातही फॉस्फरसचा वाटा मानला जातो. मात्र तो स्तंभ घडीव लोखंडाचा आहे, बिडाचा नव्हे, हे विद्यार्थ्यांनी विसरू नये. हायड्रोक्लोरिक आम्ल स्वस्त असले तरी मागे राहिलेले क्लोराइड नव्या गंजास आमंत्रण देते. स्वच्छ झालेला पृष्ठभाग पूर्ण कोरडा करून त्याच दिवशी अस्तर द्यावे, अन्यथा दमट हवेत काही तासांतच तांबूस छटा उमटते. अस्तरासाठी जस्तयुक्त प्रायमर व त्यावर इपॉक्सी चालते. बिडाच्या झाकणांवर काळा डांबरी लेपही पूर्वापार दिला जातो.

भारतीय मानक 1726 नुसार अशा झाकणांचे भारक्षमतेप्रमाणे 2.5, 10, 20 व 35 टन असे वर्ग आहेत. हे आकडे अखंड झाकणाचे आहेत. रहदारीच्या घर्षणाने वरचा लेप लवकर जातो. खालची बाजू व बैठक यांवरील लेप मात्र दीर्घकाळ टिकू शकतो. बैठकीस ग्रीस लावून झाकण ठरावीक काळाने उचलत राहिल्यास पहारीची वेळ सहसा येत नाही.