बोलपटातला मुका माणूस : नोबल जॉन्सन

'किंगकाँग' हा १९३३ सालचा अमेरिकन बोलपट आपल्यापैकी काहींनी पाहिला असेल. निदान त्या अजस्र वानराचे चित्र तरी सर्वांनी पाहिलेले असते. त्यात बेटावरच्या लोकांचा एक उंचापुरा सरदार आहे. वानर सर्वांच्या लक्षात राहते, सरदार कोणाच्याच नाही. त्या नटाची आज वाचकांना ओळख करून द्यावी, असे आम्हाला वाटते.

नोबल जॉन्सन हा कृष्णवर्णीय नट. जन्म १८८१ चा, मिसुरी राज्यातला. वाढला कोलोरॅडो स्प्रिंग्ज गावात. वडील घोड्यांना शिकवून तयार करीत. पोराची शाळा लवकर सुटली आणि तो वडिलांच्या हाताखाली राबू लागला. पुढे गुरांमागेही फिरला. मूकपटांच्या काळात एक कंपनी त्या भागात चित्रीकरणासाठी आली, तिचा एक नट जखमी झाला आणि घोड्यावर पक्की मांड असलेल्या नोबलला त्याच्या जागी घेतले. तिथून तो पडद्यावर आला.

१९१५ साली 'द बर्थ ऑफ अ नेशन' नावाचा चित्रपट आला. त्यात काळ्या माणसाला रानटी दाखवले होते आणि त्याचा छळ करणाऱ्या टोळीला तारणहार! काळ्या समाजाने जागोजागी निषेध केला. नोबलने आणखी एक मार्ग धरला. १९१६ साली त्याने भाऊ जॉर्ज आणि काही सहकाऱ्यांसह 'लिंकन मोशन पिक्चर कंपनी' काढली. तिच्या पहिल्या चित्रपटाचा नायक शिकून इंजिनियर झालेला काळा तरुण होता. ते काम नोबलनेच केले. युनिव्हर्सल कंपनीत छोटी कामे करून मिळालेला पैसा तो इकडे घाली. जॉर्ज ओमाहा शहरात पोस्टात नोकरीला होता. ती सांभाळून तो चित्रपट गावोगावच्या थिएटरांत पोचवी.

पण काळ्या वस्त्यांत लिंकनचे चित्रपट युनिव्हर्सलशी स्पर्धा करू लागले, तेव्हा युनिव्हर्सलने नोबलला पेचात पकडले. पोटाची नोकरी की स्वतःची कंपनी? १९१८ साली तो लिंकनमधून बाहेर पडला. त्याला दोष देणे सोपे आहे. महिन्याच्या पगारावर घर चालवणाऱ्या आम्हा माणसांना मात्र ते जमणार नाही. लिंकन कंपनी त्यानंतर थोडी वर्षे तगली आणि बंद पडली.

पुढे नोबलने तीसहून अधिक वर्षे दुय्यम भूमिका केल्या. 'थीफ ऑफ बगदाद' (१९२४) मध्ये तो हिंदुस्थानी राजपुत्र झाला, 'मोबी डिक' (१९३०) मध्ये भालाफेक्या खलाशी. 'द मोस्ट डेंजरस गेम' (१९३२) मध्ये तर चेहरा गोरा रंगवून रशियन कोसॅक झाला. जगातल्या कुठल्याही जमातीचा माणूस हवा असला की नोबलला बोलवायचे. फक्त त्याच्या स्वतःच्या समाजाचा शिकलेला, मानाने जगणारा माणूस तेवढा त्याच्या वाट्याला येईना.

१९२७ पासून चित्रपट बोलू लागले. पण तो कोसॅक मुका होता. 'द घोस्ट ब्रेकर्स' (१९४०) मध्ये त्याला चालते प्रेत केले. 'किंगकाँग'मधला सरदार बोलतो, पण प्रेक्षकाला न कळणाऱ्या भाषेत. चित्रपटाला वाचा फुटली, काळ्या नटाच्या तोंडी शब्द मात्र आले नाहीत.

१९५० च्या सुमारास त्याने काम थांबवले. १९७८ साली, वयाच्या ९६ व्या वर्षी तो वारला.

लिंकन कंपनीच्या चित्रपटांच्या रिळांपैकी फारच थोडे आज उरले आहे. तरी तिचा इतिहास आपल्याला कळतो, तो पोस्टातल्या जॉर्जमुळे. त्याने पत्रे, जाहिराती, कात्रणे जन्मभर जपली. आज तो संग्रह लॉस एंजेलिसच्या विद्यापीठात आहे. तेव्हा बंधू-भगिनींनो, घरातले जुने फोटो, कलापथकाची हस्तपत्रके, कार्यक्रमाच्या पत्रिका रद्दीत घालण्यापूर्वी एकदा थांबा. पडद्यावर ज्याला बोलू दिले नाही, त्याच्या वतीने शेवटी असा कागदच बोलतो.