डोक्याच्या दुखापतीची दप्तरी नोंद

अपघात होऊन रुग्णालयात आणलेल्या इसमाच्या केसपेपरवर डॉक्टर घाईघाईने ‘हेड इन्ज्युरी’ एवढे दोनच शब्द लिहितात, तेव्हा प्राण वाचविणे हेच त्या घटकेचे अव्वल कर्तव्य असल्यामुळे त्यांना कोणी दोष देणार नाही. परंतु तोच कागद पुढे मेडिकल रेकॉर्ड विभागात जातो, तेथे त्या दोन शब्दांना एक सांकेतिक क्रमांक मिळतो, आणि त्या क्रमांकावरूनच मग विम्याचे काम चालते, रुग्णालयाचे तक्ते भरतात व सरकारदरबारी आकडे रुजू होतात.

हे क्रमांक रोगांच्या ज्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणातून येतात, ते आजकालचे नव्हे. पॅरिस शहराच्या सांख्यिकी दप्तराचे प्रमुख जाक बर्तियाँ यांनी १८९३ साली शिकागो येथे मृत्यूच्या कारणांची एक यादी विद्वानांपुढे मांडली; १९४८ साली सहाव्या आवृत्तीच्या वेळी ती जागतिक आरोग्य संघटनेच्या हाती आली, आणि तेव्हा मृतांच्या बरोबरीने जिवंत माणसांच्या व्याधींना व दुखापतींनाही तिच्यात स्थान मिळाले. अकरावी आवृत्ती २०२२ च्या जानेवारीत अमलात आली असली, तरी आपल्याकडे व्यवहारात अद्याप १९९० साली मान्य झालेली दहावी आवृत्तीच रूढ आहे.

या आवृत्तीत डोक्याच्या दुखापती ‘एस’ या अक्षराखाली येतात. वरवरचे खरचटणे एस ००, उघडी जखम एस ०१, कवटीचा अस्थिभंग एस ०२, आणि कवटीच्या आतील दुखापत एस ०६. त्यातही दशांश चिन्हापुढचा अंक फार मोलाचा. एस ०६.० म्हणजे मेंदूला बसलेला हादरा, एस ०६.४ म्हणजे मेंदूच्या जाड आवरणाबाहेर झालेला रक्तस्राव, एस ०६.५ म्हणजे त्याच आवरणाखाली साचलेले रक्त. यांतील पहिल्या रक्तस्रावात बहुधा कानशिलाचे हाड मोडून धमनी फाटते, रुग्ण कधी कधी शुद्धीवर येऊन नीट बोलतो, घरच्यांचा जीव भांड्यात पडतो, आणि काही तासांतच तो पुन्हा बेशुद्ध होतो. दुसऱ्यात शिरा तुटतात, आणि वृद्ध माणसाला न्हाणीघरात लागलेल्या किरकोळ मारानंतरही ते रक्त आठवडेच्या आठवडे हळूहळू साचत राहू शकते. एका अंकाच्या फरकात दोन निराळ्या आपत्ती सामावलेल्या आहेत. डॉक्टरांनी ‘हेड इन्ज्युरी’ एवढेच लिहिले, तर मात्र नोंद एस ०९.९ येथे, म्हणजे ‘डोक्याची अनिर्दिष्ट दुखापत’ या रकान्यात जाऊन पडते, आणि मेंदूला इजा झाली होती की नाही एवढेही तिच्यावरून कळत नाही. कारण क्रमांक देणाऱ्याने डॉक्टरांच्या लेखी निदानापलीकडे जाऊन सीटी स्कॅनचा अर्थ आपल्या मनाने लावू नये, असा या कामाचा दंडक आहे, आणि तो योग्यच आहे.

दुखापतीच्या क्रमांकासोबत ती कशी झाली याचाही क्रमांक द्यावा लागतो. मोटारसायकलस्वारांसाठी व्ही २० ते व्ही २९, जिन्यावरून पडल्यास डब्ल्यू १०. मृत्यूच्या नोंदीत तर हा दुसरा क्रमांकच मूळ कारण मानला जातो. तपशील नसेल तर तो मृत्यू ‘अनिर्दिष्ट कारण’ या एक्स ५९ च्या अंधाऱ्या कोठडीत जातो, आणि हेल्मेटसक्ती करावी की जिन्यांना कठडे बांधावेत याचा विचार करणाऱ्यांच्या हाती काहीच लागत नाही.

दुखापत किती गंभीर, हे शुद्धीवरून मोजतात. ग्लासगो येथील टीसडेल आणि जेनेट यांनी १९७४ साली शुद्धीचे मोजमाप करण्याची जी पद्धत घालून दिली, तिच्यात ३ ते १५ गुण असतात आणि १३ किंवा त्याहून अधिक गुणांची दुखापत ‘सौम्य’ ठरते. या ‘सौम्य’ दुखापतीनंतरही कित्येकांना महिनोन् महिने विस्मरण, डोकेदुखी व चिडचिड सोसावी लागते. त्यासाठी एफ ०७.२ हा क्रमांक आहे, परंतु तो मानसिक विकारांच्या प्रकरणात असल्यामुळे पहिल्या कागदाशी त्याचा धागा जुळविणे अवघड होते. अमेरिकेने २०१५ च्या ऑक्टोबरपासून वापरात आणलेल्या, याच दहाव्या आवृत्तीच्या विस्तारित रूपात बेशुद्धी तीस मिनिटांच्या आत होती की अधिक, उपचार प्रथमचे की पुढचे, की हे जुन्या दुखापतीचे उत्तरपरिणाम, हे सारे क्रमांकातच नोंदविता येते. पुण्यातील, चेन्नईतील तरुण कोडर, म्हणजे असे क्रमांक देणारे कर्मचारी, तिकडच्या रुग्णालयांसाठी हे बारकावे रोज हाताळतात. तेच कौशल्य आपल्या रुग्णालयांच्या दप्तरांतही आणणे सर्वस्वी शक्य आहे, आणि ते आणलेच पाहिजे.

वाचकांना एवढीच विनंती, की डोक्याला मार लागलेल्या माणसाला रुग्णालयात नेताना तो बेशुद्ध पडला होता का, किती वेळ, उलटी झाली का, अपघाताआधीचे त्याला आठवते का आणि मार कशाने लागला, हे डॉक्टरांना आवर्जून सांगावे. घरी परतताना डिस्चार्ज कार्डावर पूर्ण निदान व स्कॅनचा निष्कर्ष लिहून मागावा, आणि तो कागद जपून ठेवावा.